लाल चुन्याचा अंगठा

फोन खिशात टाका रे. प्रेत राखायला बसलाय ना, मग रात्रीच्या सोबतीनं नीट बसा. पातेल्यात पेज आहे अजून, ज्याला हवी त्यानं वाढून घ्या. आणि हसताय कशाला? भुताच्या गोष्टी म्हणजे पोरखेळ वाटतो? मग मालिवानची ऐका. बाजारात ताडफळाच्या वाफवलेल्या वड्या विकते, तीच. तिला विचारायला जाऊ नका, ती सांगणार नाही. मला एकदाच सांगितलं तिनं. आणि शेवट तर मी ह्याच मंडपाबाहेर, ह्या डोळ्यांनी पाहिलाय.

लोय क्रथोंगची, पाण्यात दिवे सोडायची पौर्णिमा होऊन पाच दिवस झाले होते. बुधवार होता. दुसऱ्या दिवशी दुपारी छलुआय आजीला अग्नी द्यायचा होता, आणि अग्नीला येणाऱ्यांच्या हातात द्यायची पुस्तकं फेचबुरीच्या छापखान्यातून आणायला मालिवान आपली पिकअप घेऊन निघाली होती. काम साधं होतं. जायचं, खोकी भरायची, यायचं.

आजी तुम्हाला आठवत असेल की नाही कोण जाणे. बसथांब्यामागे तिचं भाड्यानं पुस्तकं देण्याचं दुकान होतं. त्यात भुताखेतांच्या, राक्षसांच्या, जादूटोण्याच्या छोट्या गोष्टी. दुसरं काही नाही. प्रेमकथा मागणाऱ्याला ती सरळ न्हाव्याकडे पाठवायची, "तिथं मासिकं पडलीत, जा." आणि गोष्ट कुठली न्यायची हे गिऱ्हाईक ठरवत नसे. आजी तोंडाकडे बघायची, विचारायची, "काय सुटत नाहीये तुला?" मग पान चघळत कपाट उचकायची आणि गोष्ट सापडली की तिच्या पहिल्या पानावर अंगठा टेकवायची. तो अंगठा दिवसभर पानाला लावायच्या लाल चुन्याच्या डबीत असायचा, त्यामुळे लाल ठसा उठायचा. ठसा उठला की समजायचं, ही आपली गोष्ट. नियम एकच होता. अर्धी सोडायची नाही. "अर्धवट टाकलेली भीती घर शोधत येते," म्हणायची. मलाही तिनं एक दिली होती, बायको गेली तेव्हा. कुठली, ते नाही सांगणार. पण तिच्यामुळे मी उठून कामाला लागलो.

मालिवान तिच्या बहिणीची नात. बाप नदीत बुडाला, आई दक्षिणेकडे निघून गेली, आणि पोर आजीच्या दुकानात वाढली. पाण्याला इतकी घाबरायची की आंघोळीला पकडून न्यावं लागे. आजीनं समजूत घातली नाही, उपचार केले नाहीत. एका नावाड्याच्या मुलीची गोष्ट हातात ठेवली, अंगठा उमटवला, म्हणाली, "मोठ्यानं वाच. मी ऐकतेय." गोष्टीत नदी त्या मुलीला मेलेल्या बापाच्या आवाजात हाका मारते. मुलगी पळत नाही. काठावर बसकण मारते आणि नदीलाच म्हणते, "बोल, काय म्हणणं आहे तुझं?" मालिवाननं ती रडत रडत शेवटपर्यंत वाचली. महिन्याभरात पोहायला लागली.

आजीला पोटचा मुलगाही होता, वितून. शाळेत उपमुख्याध्यापक. आई कागद-पेन्सिली विकते असं तो शाळेत सांगायचा. त्यानं आयुष्यात आईकडे गोष्ट मागितली नाही. आजी म्हणायची, "त्याच्यासाठी काढून ठेवलीय एक. मागेल तेव्हा देईन." त्यानं मागितली नाही, आणि ती गेली.

जाताना एवढंच बजावून गेली होती, की माझ्या अग्नीला प्रवचनांचं पुस्तक वाटू नका. मी आयुष्यभर ज्या गोष्टी लोकांना वाचा म्हणून सांगितल्या, त्यातल्या निवडक छापा. निवड तिनं स्वतः केली होती.

मालिवान छापखान्यात पोचली तर मालक आ-हेंग डोकं खाजवत उभा. समोर प्रवचनांच्या पुस्तकांचे गठ्ठे, दोरीनं बांधलेले.

"हे काय?" मालिवाननं विचारलं.

"वितूनसरांचा फोन आला ताई. म्हणाले, ते भुताचं रद्द करा, प्रवचनं छापा."

"आणि गोष्टी?"

"छापून झाल्या होत्या. शिवायच्या राहिल्यात. रद्दीत घाला म्हणाले."

तिनं वितूनला फोन लावला. तो ताडकन म्हणाला, "उद्या जिल्ह्याचे साहेब येतायत. त्यांच्या हातात काय देऊ, हडळीची गोष्ट? आईची लाज तरी राख."

"आजीची लाज मला नको शिकवू," ती म्हणाली, आणि फोन ठेवला. मग आ-हेंगकडे वळली. "शिव."

"आत्ता? अहो, दुकान बंद करायची वेळ झाली."

"मी पानं लावते, तू शिव. गोष्टी घेतल्याशिवाय मी इथून हलत नाही, तुझ्या बायकोला माझंही ताट वाढायला सांग."

आ-हेंग कुरकुरला, पण बसला. तोही आजीचाच गिऱ्हाईक, जाणार कुठे? सगळं शिवून, गठ्ठे बांधून होईतो अकरा वाजून गेले. प्रवचनं आणि गोष्टी, दोन्ही तिनं गाडीत भरलं. गोष्टींचं एक पुस्तक शेजारच्या सीटवर ठेवलं.

आपल्या गावाआधीचा कालव्यावरचा पूल माहीत आहे ना, ताडबनाचा? तिथं तिनं चूक केली. कुणीही केली असती, आपल्यातल्या कुणीही. प्रेत नेताना पूल आला की आपण सांगतो ना, आजी, पूल आलाय, पलीकडे ये, म्हणजे जीव मागे राहत नाही. मालिवानला वाटलं, सीटवरचं पुस्तक म्हणजेच आजी. डोळे भरून आले. काच खाली केली आणि म्हणाली, "आजी, पूल आलाय गं. ये."

प्रेत बरोबर नसताना पुलावर 'ये' म्हणायचं नसतं. ऐकायला तिथं कोण बसलेलं असेल, आपल्याला काय ठाऊक?

पुलाच्या मध्यावर गाडी बंद पडली.

दिवे गेले नाहीत. इंजिन तेवढं गेलं. चंद्र ताडांच्या वर नुकता आला होता. बेडूक ओरडत होते, ते थांबले.

"मालि..."

आजीचा आवाज. तसाच, पानानं भरलेल्या तोंडाचा.

रात्री हाक आली तर ओ द्यायची नाही, हे आपल्याला दुधाबरोबर पाजलेलं. तिनं ओठ घट्ट मिटले. चावी फिरवली. काही नाही. पुन्हा फिरवली.

"मालि... आले मी."

मग गाडीचा मागचा भाग खाली बसला. कुणी चढावं तसा. स्प्रिंगचे पाटे कुरकुरले. खोक्यांवरून काहीतरी पुढे सरकत आलं... ओलं. पाणी निथळल्याचा आवाज. मागच्या काचेशी येऊन थांबलं.

टक. टक.

तिनं आरशात पाहिलं नाही.

"पोरी," आवाज म्हणाला, "ती गोष्टींची खोकी पाण्यात टाक. माझी लाज राख गं."

तोवर भीतीनं तिचं रक्त गोठलं होतं, असं मालिवाननं मला सांगितलं. पण 'लाज' हा शब्द ऐकला आणि डोकं फिरलं. जी बाई भर बाजारात कमिशनरला "तुला मुडदा खाणाऱ्या सावकाराची गोष्ट देऊ का" विचारायची, ती लाज राख म्हणेल? ती गोष्टी बुडवा म्हणेल?

भीती तिथंच होती. पण संताप तिच्या पुढे आला.

"ओ!" मालिवान ओरडली.

हो. ओ दिली तिनं. मोठ्यानं.

सगळं गप्प झालं. पाणी निथळायचंही थांबलं.

"आजी नाहीस तू. कोण आहेस, मला घेणं नाही. मी बोलावलं ही माझी चूक, कबूल. आलीयस ना? मग बस. आणि ऐक."

तिनं आतला दिवा लावला. सीटवरचं पुस्तक उचललं. नावाड्याच्या मुलीची गोष्ट काढली आणि मोठ्यानं वाचायला लागली.

पहिल्या पानाला मागच्या काचेवर बाहेरून श्वासाची वाफ धरली... विरली... पुन्हा धरली. दुसऱ्या पानाला ती वाफ काचेच्या कडेनं पुढे आली. तिच्या खिडकीशी. काच उघडीच होती. कालव्याच्या तळाचा वास आला. गालाशी गारवा.

तिनं पान उलटलं.

नदी हाका मारते. मुलगी पळत नाही.

काहीतरी खांद्यावरून वाकून पाहत होतं. केसांतून थेंब पडला पानावर. एक. अजून एक.

ती थांबली नाही. अर्धी सोडायची नाही.

शेवटची ओळ आली. तिनं वाचली. पुस्तक मिटलं.

मांडीवर ठेवलं.

मग अगदी कानाशी, आजीचा नाही, कुणाचाच नाही, एखाद्या लहान पोराचा असावा तसा आवाज...

"मग?"

"मग काही नाही," मालिवान म्हणाली. "संपली. आता जा."

मग पाटे सावकाश वर आले. खाली पाण्यात काही पडल्याचा आवाज झाला नाही. बेडूक मात्र ओरडायला लागले. चावी फिरवली, गाडी सुरू झाली.

ती सकाळी मंडपात आली तेव्हा डोळे लाल होते, पण मान ताठ. प्रवचनांचे गठ्ठे एका टेबलावर लावले, गोष्टींचे दुसऱ्यावर. दुपारी पाहुणे जमले तेव्हा वितून पांढऱ्या सरकारी गणवेशात धावत आला.

"आईच्या अग्नीला भुतं वाटणार तू?"

"तुला शिकवून साहेब कुणी केलं रे? ह्याच भुतांनी. तुझ्या बुटांपासून बिल्ल्यांपर्यंत सगळं भुतांच्या भाड्यातून आलंय. आज त्यांना दारात उभं करणार नाहीस? मग मलाही हाकल. हाकलून बघच."

पाहुणे बघत होते. विहाराचे मोठे महाराज बघत होते. वितूनचं तोंड काळंनिळं पडलं. खिशातून चाकू काढून त्यानं एका गठ्ठ्याची दोरी कापली आणि मधलंच एक पुस्तक ओढून महाराजांपुढे धरलं. "बघा गुरुजी, हा कचरा! तुम्हीच सांगा हिला..."

पुस्तक त्याच्या हातात उघडलं.

मी हाताच्या अंतरावर होतो. गोष्टीच्या पहिल्या पानावर अंगठ्याचा लाल ठसा होता. वितूननं त्यावर बोट टेकवलं. बोट लाल झालं. चुना ओला होता.

ऐकताय ना? आजीची शवपेटी मी बंद केली होती, त्याच्या सात दिवस आधी. चुन्याची डबी तिच्याच मुठीत दिली होती. गावात दुसरं कुणी पान खात नाही आता.

ती गोष्ट मी नंतर वाचली. एक मुलगा आई जिवंत असताना गावाला सांगतो की ती मेली. एका संध्याकाळी घरी येतो, तर आई एकटीचंच ताट वाढून घेते. तो हाका मारतो. तिला ऐकू जात नाही. तिला तो दिसतच नाही.

वितून मंडपाच्या त्या पायरीवर बसला, तिथं, तुमच्या चपला आहेत तिथं. पाहुणे चितेवर वाहायची चंदनाची फुलं हातात धरून ताटकळले. जिल्ह्याचे साहेब उभे. कुणी त्याला उठवलं नाही. त्यानं शेवटच्या ओळीपर्यंत वाचलं. मग उठला, गोष्टींच्या टेबलामागे जाऊन उभा राहिला, आणि येणाऱ्या प्रत्येकाच्या हातात स्वतः पुस्तक ठेवत गेला. पहिलं साहेबांना. दोन्ही हातांनी, वाकून. "माझ्या आईनं सांगितलंय," म्हणत होता, "वाचा. अर्धी सोडू नका."

मालिवान रडली ती तेव्हा. पुलावर नाही.

त्याचं स्वतःचं पुस्तक त्यानं देवघरात आईच्या फोटोखाली ठेवलंय. तेव्हापासून दोन उन्हाळे गेले, ताडाची पानं करपतील असे. मागच्या महिन्यात मी त्याच्याकडे गेलो होतो. त्यानं पुस्तक उघडून माझ्यापुढे धरलं. मी बोट टेकवलं.

हे बघा बोट. तीन वेळा साबण लावून धुतलंय.