साक्षीचं माहेर

आदिनाथ तीर्थपुरीच्या एका लॅबमध्ये रक्त तपासायचा. सकाळी नऊला कुंभार पिंपळगावाहून मोटारसायकलवर यायचा, नळ्यांवर नावं चिकटवायचा आणि मशीननं दिलेला आकडा पुन्हा एकदा पडताळूनच रिपोर्ट पुढं द्यायचा. जे मोजता येत नाही त्यावर त्याचा विश्वास नव्हता.

दुपारी पेशंट ओसरले की तो मोबाईलवर गेम खेळायचा. चौघांची टोळी करून बेटावर उतरायचं आणि बाकीच्यांना मारत शेवटपर्यंत टिकायचं, असा तो गेम. त्या दिवसांत सगळा तालुकाच तो खेळत होता. पारावरची पोरं एकमेकांना गेममधल्या नावानं हाका मारायची. लग्नाच्या बॅनरवर नवरदेवाच्या फोटोखाली त्याच्या टोळीचं नाव यायचं. बांधावरून अबोला धरलेले चुलतभाऊ संध्याकाळी गेममध्ये मात्र 'तू पुढं हो, मागं मी हाय' म्हणायचे.

मुलीच्या नावानं खेळलं की लोक जिवाला जीव देतात, हे त्याला लॅबमध्ये सोबत काम करणाऱ्या प्रेमनं सांगितलं. म्हणून आदिनाथनं साक्षी नावाचं खातं उघडलं. फोटोसाठी दुसऱ्या कुणाची पोरगी नको, म्हणून स्वतःचाच फोटो एका ॲपमध्ये टाकला. ॲपनं मिशा पुसल्या, केस वाढवले, हनुवटी निमुळती केली. आवाजासाठीही ॲप होतं. बोललेलं क्षणभर उशिरा, बाईच्या आवाजात पलीकडं जायचं.

साक्षीच्या टोळीत कल्याण आला. अंतरवाली सराटीच्या अलीकडं शेतातल्या वस्तीवर राहणारा, आईला एकुलता एक. साक्षी गोळी लागून पडली की स्वतःची पर्वा न करता तिला उठवायला धावत यायचा. "हलू नको साक्षी, मी आलो," म्हणायचा. खेळ संपल्यावर तो वडील कसे गेले ते सांगायचा, सोयाबीनला आलेल्या किडीबद्दल बोलायचा. मग विचारायचा, "तू जेवलीस का?"

आदिनाथ उत्तरं द्यायचा. आधी हसू दाबून द्यायचा. पुढं पुढं उत्तरं शोधावी लागेनात. साक्षीला मेथी आवडत नाही, लहानपणी ती विहिरीत पडता पडता वाचली, तिला एक भाऊ आहे, तो तिची लाज बाळगतो, हे सगळं त्याच्या तोंडून आपोआप निघून जायचं.

मे महिन्यात कल्याण म्हणाला, एकदा भेटू. प्रेमनं आग्रह धरला, आणि साक्षीनं त्याला तीर्थपुरीच्या स्टँडसमोर बोलावलं. समोरच लॅब होती, वरच्या मजल्यावर.

कल्याण अकराला आला. पांढरा इस्त्रीचा शर्ट, हातात हेडफोनचा नवा खोका. साक्षीचा आवाज तुटक येतो म्हणून तिच्यासाठी आणलेला. तो रसवंतीच्या कडेला उभा राहिला. ऊन सरकलं तसा सावलीबरोबर सरकत राहिला. येणाऱ्या प्रत्येक मुलीकडं बघायचा आणि मान खाली घालायचा. वर खिडकीत प्रेम पोट धरून हसत होता. आदिनाथही हसला. त्यानं व्हिडिओ काढला.

सगळ्यात मोठी गंमत शेवटी होती. साडेपाचला कल्याणनं अचानक लॅबच्या जिन्याकडं बघितलं आणि तो हसत पुढं झाला. तिथं कुणीच नव्हतं.

प्रेमनं व्हिडिओ ग्रुपवर टाकला. आठवड्यात तो साऱ्या तालुक्यात फिरला. गेममध्ये कुणी मदतीला उशीर केला की पोरं म्हणायची, "मी काय कल्याण हाय का थांबायला?" कुंभार पिंपळगावच्या बाजारात भाजीवालीच्या तोंडी ते ऐकलं तेव्हा आदिनाथ भाजी न घेताच परत फिरला. ज्यानं आपल्याला दोनशे वेळा उठवून उभं केलं, त्याचं नाव आपण रस्त्यावर फेकलं, हे त्याला कळलं. घरी आई जेवायला वाढायची तेव्हा त्याला मान वर करता येईना.

कल्याणचा शिव्यांचा मेसेज येईल म्हणून तो वाट बघत होता. भेटीच्या दिवशी संध्याकाळी आलेला एकच मेसेज होता. 'भेटून बरं वाटलं.'

टोमणा असेल, असं त्यानं मानलं. खातं बंद करायला गेला तर पासवर्ड चालेना. खातं मात्र चालू होतं. साक्षी खेळत होती, रोज, कल्याणबरोबर. प्रेमनं पासवर्ड बदलला असेल म्हणून त्यानं त्याची कॉलर धरली. प्रेमनं पोराची शपथ घेतली.

शेवटी डिसेंबरात आदिनाथ दुसऱ्या खात्यावरून त्यांच्या टोळीत घुसला. काही बोलला नाही, नुसता ऐकत राहिला. साक्षीचा आवाज आला. तोच, ॲपमधून निघणारा.

"आज कापूस वेचून हात चिरले," ती सांगत होती. "आत्याबाईंनी तेल लावून दिलं." मग थोडी थांबली आणि म्हणाली, "दादा, आला का तू? घरी ये की एकदा."

त्यानं फोन बंद केला. दोन महिने गेम उघडला नाही.

फेब्रुवारीतल्या एका रविवारी तो वस्तीवर गेला. कबूल करायचं, पाय धरायचे, मारलं तर मार खायचा, असं ठरवून गेला. वस्तीवर पत्र्याचं घर, अंगणात तूर वाळत घातलेली. कल्याणची आई कौसल्याबाई सूप घेऊन बसल्या होत्या. त्याला बघून त्या चटकन उठल्या.

"आलात का? या, या. कल्याण, अरे माणसं आलीत!"

कल्याण बाहेर आला. आदिनाथनं हात जोडले आणि पाठ केलेलं सगळं एका दमात सांगितलं. साक्षी नावाची कुणी नाही, तो मीच होतो, फोटोही माझाच, त्या दिवशी वर खिडकीत उभा राहून मीच हसत होतो.

कल्याण शांतपणे ऐकत होता. चेहऱ्यावर राग नव्हता, कीव होती.

"दादा, बसा," तो म्हणाला. "ती म्हणलीच होती, तुम्ही असं म्हणणार म्हणून."

"कोण?"

"ती आलती की त्या दिशी. साडेपाचला. तुमच्याच जिन्यानं उतरून आली. म्हणली, दादाला माझी लाज वाटती, म्हणून येऊ देत न्हवता." त्यानं आवाज खाली आणला. "मंग आम्ही मार्गशीर्षात लगीन लावलं. माहेरचं एक माणूस न्हवतं. लई रडली."

"बिलकुल खोटं न्हाई," कौसल्याबाई म्हणाल्या. "सोन्यासारखी हाय. फक्त मेथी तेवढी खात न्हाई."

आत भांडं वाजलं.

ती पाण्याचा तांब्या घेऊन दारात आली. डोक्यावर पदर होता. आदिनाथनं आधी तिची बोटं बघितली. कापसानं चिरलेली होती.

मग चेहरा बघितला.

रोज सकाळी दाढी करताना आरशात दिसणारे डोळे होते ते.

तिचे ओठ हलले. आवाज क्षणभर उशिरा आला.

"इतकी लाज वाटती का दादा माझी? अजून?"

त्यानं पाणी घेतलं नाही. गाडी कशी चालू केली, कुठल्या रस्त्यानं निघाला, त्याला आठवलं नाही. मागून कल्याण ओरडत होता, "दादा, जेवून तरी जावा!"

घरी पोचला तेव्हा चार वाजले होते. उन्हाची तिरीप ओट्यावर आली होती. गिरिजाबाई, त्याची आई, पाय पसरून बसल्या होत्या. आदिनाथ त्यांना एकुलता एक. त्यांनी त्याच्या धुळीनं भरलेल्या बुटांकडं बघितलं.

"कुठं गेल्तास रे?"

"सराटीकडं. काम होतं."

आई पदरानं डोळे पुसत म्हणाल्या, "आणलं न्हाईस तिला."

"कुणाला, आई?"

"असू दे. तुला नसंल सांगायचं तर नको सांगू." त्यांनी शेजारची कागदाची पुडी सोडली. त्यात हिरव्या काचेच्या बांगड्या होत्या, नव्याकोऱ्या. "कासाराकडून आणल्यात. पुढच्या खेपेला मीच जाते. पण माप बराबर हाय का बघू दे. दे इकडं हात."

"माझा?"

"तुझा न्हाई तर कुणाचा? तुमचं दोघांचं माप पहिल्यापासून एकच."

त्यानं हात मागं घ्यायला हवा होता. आईनं तो धरून मूठ आवळली, अंगठा आत दाबला आणि बांगडी वर चढवली. दुखेल म्हणून आदिनाथनं डोळे मिटले.

बांगडी कुठंच अडली नाही. सहज मनगटावर उतरली.