गाळलेली साक्ष

चुंबकरोधी कक्षाचं जाड दार उघडून डॉ. नौशाद मुजावर बाहेर आले, तेव्हा त्यांचा चेहरा पांढराफटक पडला होता. पुण्याच्या पुराचुंबकत्व प्रयोगशाळेत या माणसाला घाबरलेलं कुणी पाहिलं नव्हतं. अगदी संचालिका सुनीती पळशीकरांचा तोफखाना सुरू झाला तरीसुद्धा.

"मॅडम, कराडच्या खाणीतला तो थर मी पुन्हा छेदला. या वेळी दिशेचा बाण यंत्राने काढलाय."

सुनीतीबाईंच्या कपाळाला आठ्या पडल्या. तेरा वर्षांपूर्वी याच थराच्या नमुन्यावर खडकाची मूळ दिशा दाखवणारा बाण उलटा काढला म्हणून त्यांनी विद्यार्थी मुजावरला सगळ्यांदेखत फैलावर घेतलं होतं. पुन्हा असा घोळ नको म्हणून त्यांनी एक संगणकी चाळणी बनवली. इतरांशी जुळत नाही तो आकडा चूक समजून गाळायचा. 'पळशीकर चाळणी' जगभर गेली. बाईंना तिचा कोण अभिमान!

"थर आठ मीटरचा," मुजावर म्हणाले. "लाव्हा कडेने आधी थंड होतो, पोटातून शेवटी. थंड होताना त्या वेळच्या ध्रुवांची दिशा त्यात गोठते. ताटातल्या खिचडीची कड निवते आणि मधला घास जीभ पोळतो, तसंच."

"मला शिकवू नकोस. पुढे बोल."

"कड दक्षिण दाखवते. पोट उत्तर दाखवतं."

सुनीतीबाईंनी मनातल्या मनात हिशेब केला. एवढा थर निवायला फार तर सहा-सात महिने! म्हणजे ध्रुव तेवढ्यातच उलटले होते. पृथ्वीच्या गाभ्यात वितळलेलं लोखंड घुसळतं, त्यातून तिचं चुंबकत्व जन्मतं. ते प्रवाह विस्कटले की क्षेत्र क्षीण होतं आणि कधीकधी उलटं उभं राहतं. याला हजारो वर्षं लागतात, असं त्यांनी पाठ्यपुस्तकात लिहिलं होतं. त्यांच्या लेकीच्या, केतकीच्या यानासाठी काल दिलेल्या अहवालातही तेच होतं. केतकी आज दुपारी चारला अंतराळस्थानकाकडे निघणार होती. चुंबकीय कवच नसताना सूर्याचा एक मोठा भडका तिथल्या सगळ्यांचा जीव घेऊ शकत होता.

"नौशाद, वेधशाळेचे आजचे आकडे दाखव. न चाळलेले."

मुजावरांनी ते पडद्यावर आणले. "क्षेत्र अर्ध्यावर आलंय, मॅडम. सव्वीस दिवस घसरतंय. चाळणी ते आकडे गाळून जुन्यांवरून आलेख भरत होती."

"बाकीच्या वेधशाळा?"

"सगळीकडे तुमचीच चाळणी आहे."

बाईंच्या लक्षात आलं. आपल्याच हाताने आपण साऱ्या जगाच्या डोळ्यांवर पट्टी बांधली! "तुझा बाण बरोबर होता रे," त्या कशाबशा म्हणाल्या. त्यांनी नवा अहवाल पाठवला आणि उड्डाणकेंद्राच्या चौबळांना फोन लावला.

"मिळाला मॅडम," चौबळ अदबीने म्हणाले. "पण सात तज्ज्ञांपैकी सहा जण सुरक्षित म्हणतात. तुमचा सातवा अहवाल जुळला नाही, म्हणून यंत्रणेने तो गाळला."

"अहो, त्या सहांचे आकडे माझ्याच चाळणीतून आलेत!"

"म्हणून तर आम्ही निर्धास्त आहोत. अहवालांनाही आम्ही तीच लावतो." त्यांचा आवाज मऊ झाला. "आईचा जीव आहे, मॅडम. समजतं मला."

त्यांच्यामागे कुणीतरी सांगत होतं, यानाचं दार बंद झालं म्हणून.