वारा नव्हता

दार लोटून घ्या. दिवा नको, माझे डोळे दुखताहेत. अंधारातच ऐका. ए चष्मिश, तू इकडे माझ्याजवळ सरक. आणि तुम्ही दोघं, तिला चिमटे काढणं बंद करा.

ही खरी गोष्ट आहे. माझ्या ओळखीतल्या एकाची. माझ्यासारखाच तोही बांधावरच्या दिव्याचा राखणदार. कुठली खाडी, कुठला बांध ते विचारू नका. खाड्या काय कमी आहेत?

तर एका संध्याकाळी तो खाडीपलीकडे गेला होता, पुतणीचा चष्मा आणायला. हो, तुझ्यासारखाच. चष्मा काय जगात एकट्या तुलाच लागलाय? चष्मेवाल्यानं बसवून ठेवलं, एक काडी घट्ट होईना. निघेपर्यंत रात्र झाली. थोरला चंद्र मावळतो आणि धाकटा अजून उगवायचा असतो, ती मधली बिनचंद्राची रात्र. परवा होती ना, तशीच. म्हणून तर आठवलं.

चष्म्याची डबी खिशात टाकून तो बांधावर चढला. रात्री एकटा माणूस बांधावर आला की काय होतं, हे शेंबडं पोरही सांगेल. पाण्यातून सोबत उठते. कमरेएवढा फिकट उजेड, ना ज्योत ना धूर. दारापर्यंत पोचवते आणि विझते. तिच्या उजेडात कशाचीच सावली पडत नाही.

चोरांना तिनं सोबत केलीय, दारुड्यांनाही केलीय. पण ह्याला नऊ वर्षांत एकदाही नाही. लोक म्हणायचे, "दिव्याखाली अंधार!" तोही हसण्यावारी न्यायचा. मनातून मात्र मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. कारण त्याला ठाऊक होतं.

त्याला एक धाकटा भाऊ होता, गवंडी. तोंडानं फटकळ, मनानं लोण्यासारखा. एकदा भरल्या पंगतीत म्हणाला, "आमच्या दादानं आयुष्यात काय केलं? दिवे लावले!" सगळे खो खो हसले. ह्याच्या मनाला लागलं ते. एवढंसंच होतं हो... पण लागलं.

त्याच रात्री धाकटा पलीकडून कामावरून परत येत होता. पलीकडून टॉर्च तीनदा वरखाली करायचा. राखणदारानं दिव्याची झडप तीनदा उघडमीट करायची, म्हणजे वाट मोकळी, या. मग माणूस पोचेपर्यंत झडप उघडी ठेवायची. रीतच ती. टॉर्च हलला. ह्यानं पाहिला. आणि झडपेची दोरी ओढून दिवा बंद केला.

म्हणाला, तिष्ठू दे घटकाभर. कळू दे, दिवे लावणं म्हणजे काय ते.

टॉर्च पुन्हा हलला. मग पुन्हा. हा बसून राहिला.

भरती चढत होती. घरी दोन वर्षांची लेक वाट बघत होती. धाकटा तसाच अंधारात निघाला... वळणावर चुकला.

काय गं? ...काही नाही? बरं.

सकाळी ह्यानं सगळ्यांना सांगितलं, वाऱ्यानं झडप मिटली. आई म्हणाली, वाऱ्याला कोण काय बोलणार. भावजय अजून त्याचं ताट पहिलं वाढते. लेक त्याच्या पाठीवर बसून मोठी झाली. शिव्या खाणं सोपं असतं रे पोरांनो. हे असलं वाढलेलं ताट... घास उतरत नाही.

तर चष्मा घेऊन परतताना, त्या बिनचंद्राच्या रात्री, त्याच वळणावर, पाण्यावर उजेड उभा होता.

चालत नव्हता. नुसता उभा.

मग हलला. वर, खाली. तीनदा.

ह्याच्या हातात टॉर्च होता. उत्तर द्यायचं, एवढंच काम. हात उचलेना.

उजेड पुन्हा हलला.

मग पुन्हा...

"वारा नव्हता रे," तो म्हणाला. एवढंच. नऊ वर्षांत पहिल्यांदा. कुणी ऐकलं, देव जाणे.

उजेड बांधावर आला. पुढे चालू लागला. ह्याला खड्डा दिसावा म्हणून मध्ये थांबायचा. थांबायचा, बघा! हा मागून रडत, मान खाली घालून.

दिव्याच्या खोलीपाशी आले. उजेड आत शिरला. पाठोपाठ हा.

आणि भिंतीवर सावली पडली.

सोबतीच्या उजेडात. सावली.

ह्याचे दोन्ही हात छातीशी होते, चष्म्याची डबी धरून. सावलीचा हात... वर होता. दोरीवर. दोरी ओढत होता.

उजेड विझला. सावली तिथंच.

ह्यानं दिवा पेटवला. भिंतीवर ती तशीच. आणि ह्याच्या पायाशी... काही नाही. दिवा इकडे धरला, तिकडे धरला. काही नाही.

भिंतीवर दोनदा चुना मारला. वर येते.

सांगितलं का कुणाला? सांगायचं होतं. एकीलाच सांगायचं होतं. पण ती समोर आली, काका म्हणाली, की जीभ टाळ्याला चिकटते. लाज वाटते. मग माणूस काय करतो? ओळखीतल्या कुणाची तरी गोष्ट सांगतो.

...

अगं, उठलीस कुठं? दिवा नको म्हटलं ना. डोळे दुखताहेत माझे... परवापासून.

लावलास?

...

बरं केलंस. बघ भिंतीकडे. तुमच्या तिघांच्या सावल्या आहेत. आपण चौघं आहोत.

चष्मा काढू नकोस, बाळ. नीट बघ.