राघोचा दहावा

एकोणीसशे एकोणपन्नासची गोष्ट. मी तेव्हा कल्याणला शाळामास्तर होतो. पोस्टात कार्डं आणायला निघालो, तर हवालदाराने चौकीत बोलावलं. "गुरुजी, पंच म्हणून एक सही द्या. मजकूर मागाहून भरतो." सरकारी माणसाशी वाद कोण घालणार? कोऱ्या कागदावर सही केली, कार्डं घेतली आणि घरी आलो.

दुसऱ्या दिवशी कळलं, त्या कागदावर राघो मेला होता. राघो मिठागरातल्या मजुरांचा पुढारी, संपात पकडलेला. चौकीमागच्या विहिरीत त्याने उडी घेतली, आणि त्याचं प्रेत मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं, असं माझ्या सहीच्या वर लिहिलं होतं. इंग्रजांच्या तुरुंगातून हा माणूस दोनदा जिवंत परत आला होता हो! आपल्या राज्यात चार दिवस टिकला नाही.

दहाव्याला मी खाडीवर गेलो. मनाला टोचणी होती, दुसरं काय? राघोच्या धाकट्या भावाने, काळुरामने, पिंड मांडले. समोरच्या बाभळीवर कावळे दाटीने बसलेले, पण एक ओरडेल तर शपथ.

"दादा, तुजी पोरा ती माजी..." काळुराम म्हणाला. कावळा हलेना.

"संप मोडनार नाय," मजुरांनी शब्द दिला. कावळा हलेना. चिखलाचा खारट वास, माथ्यावर ऊन, आणि ती शांतता.

मग राघोची आई, सगुणा, माझ्यापुढे आली. हळूच म्हणाली, "गुरुजी, तुमी पंच होताव ना... माजे पोराला काय झाला, खरा सांगा."

झाडावरचे सगळे कावळे माझ्याकडे बघत होते. गर्दीच्या कडेला साध्या कपड्यांत हवालदारही उभा होता. माझी नोकरी, माझा संसार... "कागदावर आहे तेच," मी म्हणालो.

कावळे एकदम उडून गेले. शेवटी दर्भाचा कावळा करून पिंडाला लावला. सगुणा रडलीसुद्धा नाही. ते मला अजून सहन होत नाही.

घरी येऊन अंघोळ केली, पाटावर बसलो. माझ्या बायकोने, सरोजने, भात वाढला. मी हात पुढे करायच्या आत एक कावळा ताटावर उतरला, माझ्या भाताला चोच लावली आणि दिसेनासा झाला.

"मी जिवंत आहे गं..." मी ओरडलो.

सरोज खिडकी लावायला उठली. खिडकी लावलेलीच होती. दारही.