हत्तिणीच्या डोळ्यांतलं पाणी

ती कुंपणाच्या आडव्या नळीवर कागदांचा गठ्ठा ठेवून छत्री उघडत होती. पाऊस म्हणावा असा पाऊस नव्हता, नुसती बुरबुर. पण कागद भिजू नयेत म्हणून तिची धांदल चालली होती. तेवढ्यात नळ्यांमधून एक सुरकुतलेली सोंड सावकाश बाहेर आली आणि वरची पाच-सहा पानं अलगद उचलून घेऊन गेली.

"सत्तेचाळीस ते बावन्न," ती हताशपणे म्हणाली.

"महत्त्वाची होती?"

मागे एक उंच माणूस उभा होता. गुडघ्यापर्यंत रबरी बूट, हातात वाफाळत्या पाण्याची बादली.

"त्यात हत्ती मालकासाठी जीव देतो."

"असं होय... मग पचायला जरा जड जाईल तिला." तो हसलाच नाही, त्यामुळे ती हसली. "काळजी करू नका. लोकांच्या टोप्या खाल्ल्यात तिनं. एकदा एक पाकीटही. छापील मजकूर मात्र पहिल्यांदाच."

"छापील नाही अजून. प्रुफं आहेत. मी चुका काढते."

"सापडतात?"

"काना-मात्रेच्या सापडतात. हत्तीच्या बाबतीतल्या मला कळत नाहीत. म्हणून तर आले."

एका लहानशा प्रकाशनसंस्थेत ती प्रुफं तपासायची. देशोदेशीच्या हत्तींच्या गोष्टींचं एक पुस्तक निघत होतं. एकूण अठरा गोष्टी. ज्यांनी त्या जमवल्या त्या संपादकांनी जन्मात हत्तीला हात लावला नव्हता, आणि तिनंही. पुस्तक छापायला जाण्याआधी निदान एक तरी हत्ती बघावा, एवढ्याच विचारानं ती जेवणाच्या सुट्टीत बस पकडून शहराच्या टोकाला असलेल्या ह्या जुन्या प्राणिसंग्रहालयात आली होती. इथे एकच हत्तीण उरली होती. तिला सगळे थोरली म्हणत, आणि तिची देखभाल करणाऱ्याला हत्तीवाला.

पुढच्या मंगळवारी ती पुन्हा आली. ह्या वेळी प्रश्न लिहून आणले होते.

"हत्ती रडतो का? अकरा गोष्टींत रडतो."

हत्तीवाल्यानं थोरलीच्या गालाकडे बोट दाखवलं. डोळ्यापासून खाली पाण्याची ओली, काळपट रेघ उतरली होती.

"हे बघा. आपलं पाणी आतून नाकात उतरतं. त्यांच्यात ती वाट नसते, म्हणून गालावरून वाहतं. आनंदात असली तरी वाहतं, झोपेत असली तरी वाहतं. बघणारे म्हणतात, रडतेय बिचारी."

"म्हणजे अकराच्या अकरा गोष्टी चुकल्या?"

"चुकल्या नाहीत. ज्यानं पाहिलं त्याला तेव्हा रडू येत असेल."

तिनं हे उत्तर लिहून घेतलं आणि मग लिहिलेल्याकडे नको तितका वेळ बघत बसली. मान वर केली तेव्हा तो तिच्याकडेच पाहत होता. दोघांनीही घाईघाईनं थोरलीकडे बघितलं.

"आणि उंदराला भितो?"

"माहीत नाही. आमच्याकडे मांजरं फार."

मग मंगळवार ठरूनच गेला. घरी वहिनी विचारायची, "तुझ्या केसांना हल्ली गवताचा वास का गं येतो?" ती म्हणायची, कामासाठी जाते. वहिनी भाजी निवडता निवडता नुसती हं म्हणायची. त्या हंमध्ये पुष्कळ काही असायचं.

तो तिला काना-मात्रा म्हणू लागला. ती रागावल्यासारखं करायची. थोरली खुशीत असली की तिच्या पोटातून एक खोल घरघर निघे. ती कानांना कमी आणि छातीला जास्त जाणवे. ती पहिल्यांदा जाणवली तेव्हा घाबरून तिनं त्याची बाही पकडली होती. बराच वेळ सोडायची राहून गेली. त्यानंही आठवण करून दिली नाही.

पण थोरलीचे पाय सडत होते. चव्वेचाळीस वर्षं सिमेंटच्या जमिनीवर उभं राहून तळव्यांना भेगा पडल्या होत्या, भेगांत पू झाला होता आणि आता तो हाडापर्यंत पोचला होता. हत्तीवाला दिवसातून तीनदा पाय औषधाच्या पाण्यात भिजवून घासायचा, कुजलेला भाग कापायचा. वास पार कुंपणाबाहेर यायचा.

"लांब बसा," तो म्हणायचा.

"बसते," म्हणून ती तिथंच बसायची.

थोरली कित्येक आठवडे आडवी झाली नव्हती. आडवी झाली तर पुन्हा उठता येणार नाही हे तिला कळलं असावं. भिंतीला टेकून उभ्या उभ्या डुलक्या घ्यायची, आणि भिंतीवर त्या जागी तिच्या कातडीचा गुळगुळीत डाग पडला होता.

एका मंगळवारी तिनं विचारलं, "हत्ती सूड घेतो का? पाच गोष्टींत हत्तीनं माणूस मारलाय. दोनांत सूड म्हणून, दोनांत पिसाळून, एकीत राजाच्या हुकमावरून."

हत्तीवाला फडकं पिळत होता. पिळून झालं तरी पिळतच राहिला.

"माझ्या वडिलांना हिनंच मारलं," तो म्हणाला.

तिचं पेन वहीवरच थांबलं.

"बारा वर्षं झाली. वडील इथंच कामाला होते. हाच पाय धूत होते, मी आत्ता बसलोय तिथंच बसून. मागे पत्रा पडला, हिनं दचकून पाय खाली टेकला. पायाखाली वडील होते. बस्स, एवढंच. राग नाही, पिसाळणं नाही, हुकूम नाही. मी पोचलो तेव्हा ते गेले होते आणि ही संध्याकाळचं गवत खात होती. रोजच्यासारखं."

"आणि तुम्ही... तरी इथं आलात?"

"सुरुवातीला मारायलाच आलो होतो म्हणा ना. म्हटलं, एकदा जवळून बघू. आठ दिवस हिच्या पायाला कुणी हात लावायला तयार नव्हतं. पाय सुजला होता. मी कुंपणापाशी गेलो तर हिनं तो नळीवर ठेवला, वडलांसमोर ठेवायची तसा." त्यानं फडकं झटकलं. "माफी वगैरे नव्हती ती. पाय दुखत होता, एवढंच. मग धुतला."

"आईनी काय म्हटलं?"

"आई बोलायची बंद झाली. म्हणजे जेव म्हणते, दार लाव म्हणते. पण मी कुठं कामाला जातो ते बारा वर्षांत तिनं तोंडातून काढलेलं नाही."

तिनं वही मिटून पिशवीत टाकली. हे लिहून घ्यायचं नव्हतं. मग काय करावं ते न सुचून तिनं त्याच्या हातातलं फडकं घेतलं, पुन्हा बादलीत बुडवलं आणि त्याच्यापुढे धरलं. त्यानं फडक्यासकट तिचा हात धरला. त्याचा हात गार पडला होता, आणि औषधानं जांभळा झालेला.

पुढच्या मंगळवारी त्याची दाढी वाढलेली होती.

"डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आता तिला असं उभं ठेवणं म्हणजे छळ आहे. गुरुवारी सकाळी दहाला इंजेक्शन देणार. मीच तिला धरायचंय. दुसऱ्या कुणाचं ऐकणार नाही ती."

"मी येईन."

"पुस्तकासाठी?"

तिचा चेहरा पडला. "पुस्तक... तीन आठवड्यांपूर्वीच छापून झालं."

"माहीत आहे. चौकातल्या दुकानात पाहिलं."

"मग माझ्या प्रश्नांना उत्तरं का देत होतात?"

"तुम्ही विचारत होतात म्हणून," तो म्हणाला, आणि कानांपर्यंत लाल झाला.

गुरुवारी झाडून सगळ्यांना बाहेर काढलं होतं. हत्तीखान्यात डॉक्टरीणबाई, त्यांचे दोन सहायक, तो, आणि दारापाशी ती. थोरलीला आवडती सफरचंदं दिली. तिनं सोंडेनं एकेक चाचपलं, तीन खाल्ली. तो तिच्या कानाशी उभा राहून हलक्या आवाजात बोलत होता, लहान मुलाला अंघोळ घालताना बोलतात तसं काहीबाही. पाय उचल. शहाणी आहेस. झालंच हं आता.

इंजेक्शन दिल्यावर थोरलीचे गुडघे हळूहळू वाकले. ती आडवी झाली. सात आठवड्यांनी आडवी झाली, आणि अंगाखाली जमीन आल्यावर तिच्या तोंडून मोठा थोरला श्वास सुटला. माणूस दिवसभर राबून अंथरुणाला पाठ टेकतो, तेव्हा सुटतो तसा. तो बादली ठेवायच्या दगडावर बसून राहिला, तिचा कान हातात धरून. डॉक्टरीणबाईंनी बऱ्याच वेळानं मान हलवली. गालावरची रेघ अजून ओली होती.

आत माणसं आणि साखळ्या आल्या तेव्हा तिनं त्याला खांद्याला धरून बाहेर आणलं.

"घरी चला."

"कसा जाऊ? आईला काय सांगू? बारा वर्षं ती ह्याच बातमीची वाट पाहतेय. ती खूश झालेली मला बघवणार नाही."

"मी येते बरोबर."

आवारातल्याच कर्मचाऱ्यांच्या इमारतीत दुसऱ्या मजल्यावर त्याची दोन खोल्यांची जागा होती. दार आईनंच उघडलं. बुटकी, काटक बाई, कपाळावर चष्मा सरकवलेला. तिनं मुलाच्या तोंडाकडे पाहिलं, चिखलानं भरलेल्या बुटांकडे पाहिलं.

"गेली," तो म्हणाला.

आई चौकट धरून उभी राहिली.

"दुखलं का रे तिला?"

तो तिथंच उंबऱ्यावर खाली बसला आणि रडू लागला. वडील गेले तेव्हाही तो असा रडला नव्हता. आईनं त्याच्या डोक्यावर हात ठेवला. ठेवला तो तसाच राहू दिला. तिच्याही डोळ्यांना धार लागली होती, आणि ती कुणासाठी हे तिलाही सांगता आलं नसतं.

बऱ्याच वेळानं आईनं मान वर केली. "आणि ही कोण?"

तो डोळे पुसून उठला. "ही... हिला मी काहीतरी विचारणार आहे. अजून विचारलेलं नाही."

"बरं," आई म्हणाली. "मी चहा टाकते. तिलाही आत घे, भिजलीय." आणि ती आत निघून गेली.

जिन्याच्या खिडकीतून पावसाची बारीक झड आत येत होती. खाली कुठंतरी मोटारीचा आवाज सुरू झाला, साखळ्या खणखणल्या. त्यानं तिकडे पाहिलं नाही.

"विचारू?"

"आज नको," ती म्हणाली. "आज थोरलीचा दिवस आहे. आज रडून घ्या पोटभर. उद्या विचारा."

"आणि उद्या?"

तिनं त्याच्या बाहीला चिकटलेली गवताची काडी काढली, आणि बाही धरूनच ठेवली.

"उद्या हो म्हणेन."