बर्फातलं गाठोडं

सांगते, ताई. रविवारी दुपारी बाईसाहेबांनी मला त्यांच्या बहिणीचे विसरलेले हातमोजे देऊन मार्शाल्कोव्स्का रस्त्यावरच्या सिनेमाच्या थेटरात पाठवलं. "सावकाश ये गं फ्रांका. युझिया झोपलीय, मी आहे ना." माझ्या लेकीवर एवढी माया कधी नव्हती. मला तिथंच कळायला हवं होतं.

दरवान म्हणाला, "गादीच्या खुर्च्यांकडे नाही जायचं. रीळ संपेपर्यंत पुढं थांब." पुढच्या बाकांवर सगळ्या आमच्यासारख्याच, घरकामाच्या बाया.

पडद्यावर बाईसाहेबच होत्या. मोलकरणीच्या वेषात, आपलं बाळ हवेलीच्या दाराशी बर्फात ठेवत होत्या. अंगावरचा तो ॲप्रन वेरोन्काचा, माझ्या आधीच्या मोलकरणीचा. बाळही तिचंच, स्ताश. थंडीनं चित्र काढायच्या यंत्राचा दांडा अडकायचा, म्हणून त्याला तीन तीनदा बर्फात निजवलं. आठव्या दिवशी तो गेला. बाईसाहेबांना त्या चित्रासाठी फुलं आली! आता तसंच दुसरं चित्र काढायचं होतं. त्यासाठी माझी युझिया मागितली, तेव्हा मी नाही म्हणाले होते.

पियानो थांबला. चित्राला आवाज नसतो, ताई. तरी... बाळ रडत होतं.

शेजारची स्वयंपाकीण माझ्या कानाशी आली. "तुला पण येतंय ऐकू?"

"येतंय..."

"मागं बघ. त्यांना नाही येत."

मागं सगळे रेशमी रुमालांनी डोळे पुसत होते. पडद्यावरच्या मोलकरणीसाठी! आणि घरची मोलकरीण कोळशाच्या पोत्यांशेजारी झोपते, तिचं काय?

तेवढ्यात ते रडणं बदललं. ते युझियाचं झालं. आईला कळतं.

मी धावत सुटले. घराच्या मागच्या अंगणात यंत्र उभं, बर्फात गाठोडं, आणि बाईसाहेब माझी फाटकी शाल पांघरलेल्या. मी पोरीला उचललं. ओठ निळे पडलेले, पण श्वास होता. अजूनही ती झोपली की मी नाकाशी बोट धरून बघते.

"मूर्ख कुठली! दोनच मिनिटं राहिली होती. मी नाही का थंडीत उभी?"

"मग तुमचा मुलगा ठेवा ना, बाईसाहेब. वर दुलईत आहे तो!"

"उद्यापासून येऊ नकोस."

"उद्या कशाला? ही निघाले."

फाटकापाशी पोचले तेव्हा युझिया माझ्या छातीशी गप्प अंगठा चोखत होती. आणि मागून, त्या रिकाम्या बर्फातून, बाळाचं रडणं आलं.

मी वळले नाही. फक्त बाईसाहेबांचा आवाज ऐकला.

"फ्रांका... कोण रडतंय गं?"