झालं म्हणेपर्यंत

भर दुपारी चूपकाका ताईच्या घरी शांतता आणायला निघाले. कुणी दूध आणायला जातं, कुणी औषधं, आणि ह्यांचं कामच असलं. खांद्यावर रेकॉर्डरची बॅग, गळ्यात हेडफोन, हातात माईकची काठी आणि खिशात ताईच्या फ्लॅटची जादा किल्ली. ताईचा नेहमीचा जुडगा ती गेल्यापासून कुठेच सापडला नव्हता. भाचीने घर उलटंपालटं करून पाहिलं, तरी नाही.

चूपकाका हे काही त्यांचं आईवडिलांनी ठेवलेलं नाव नव्हे. शूटिंगला शॉट लागायच्या आधी ते एकदाच ‘चूप!’ म्हणत आणि चाळीस माणसं जागच्या जागी गप्प होत. त्यावरून पोरांनी हे नाव पाडलं आणि तेच चिकटलं. साउंडच्या कामात त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता, आणि हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. मोठ्या, नाचगाण्याच्या सिनेमांना त्यांनी कधीच रामराम ठोकला होता. मित्रमंडळींच्या जोरावर उभे राहणारे छोटे सिनेमे तेवढे ते घेत. मोठ्या शहरात एकटं राहणाऱ्या माणसांचे सिनेमे. कुठे टोलनाक्याच्या केबिनमध्ये बसणारा माणूस, कुठे दिवसभर दुसऱ्यांच्या तक्रारी फोनवर ऐकून घरी आल्यावर कुणाशीच न बोलणारी मुलगी. अशा सिनेमात बोलणं कमी, त्यामुळे सगळी मदार शांततेवर. ‘माझ्या शांततेत भेसळ नसते,’ असं काका छाती पुढे काढून सांगत, आणि ते खरंच होतं.

ही काय भानगड आहे ते सांगायला हवं. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. पंखा, नळ, खालचा रस्ता, भिंतीपलीकडचा शेजारी, सगळं मिळून ती बनते. म्हणून खोलीतलं शूटिंग संपलं की तिथल्या सगळ्यांनी आहे तिथेच थांबायचं, आणि काकांनी खोलीची नुसती शांतता भरून घ्यायची. पुढे एडिटिंगमध्ये बोलण्याच्या मधल्या फटी तिनेच बुजवायच्या असतात. काका ‘झालं’ म्हणत नाहीत तोवर कुणी हलायचं नाही, बोलायचं नाही. खोकला आला तर गिळायचा. दंडकच होता तसा.

हा सिनेमा तर घरचाच. भाचीचा पहिला, आणि तोही तिच्या आईवर, म्हणजे काकांच्या ताईवर. भाची कामासाठी शहराच्या दुसऱ्या टोकाला राहायला गेली, तेव्हापासून ताई वरच्या मजल्यावरच्या त्या फ्लॅटमध्ये एकटी राहत होती. भाची आईचं काम करायला नटी शोधू लागली तशी ताई फणकारली. माझ्या एकटेपणाला बाहेरची बाई कशाला, मला काय धाड भरलीये, म्हणाली. आणि उभी राहिली कॅमेऱ्यासमोर. अहो, काय काम केलं तिने! एका सीनमध्ये ती मोबाइलवरून स्वतःच्याच घरचा फोन लावते, नुसती घंटा ऐकायला. घंटा वाजते आणि ती लगबगीने पदराला हात पुसते, खरंच कुणाचा तरी आल्यासारखी. ते बघून कॅमेरामनने डोळे पुसले होते. ताईने अख्ख्या बिल्डिंगला सांगून ठेवलं होतं की सिनेमा लागला की सगळ्यांनी यायचं, कारणं सांगायची नाहीत.

पहिल्या दिवशी मात्र तिच्या कमरेचा किल्ल्यांचा जुडगा शांततेच्या वेळी खुळखुळला आणि काकांनी तिला सगळ्यांसमोर टोकलं. ताईचं तोंड एवढंसं झालं. दुसऱ्या दिवसापासून ‘चूप’ ऐकलं की ती जुडगा कमरेचा काढायची आणि मुठीत गच्च दाबून धरायची. तळहातावर किल्ल्यांचे वळ उठायचे. ते वळ ती मिरवायची. ‘तुझ्या युनिटमध्ये माझ्याइतकं स्थिर कुणी नाही, लिहून ठेव,’ म्हणायची. काकांना धाकट्या भावासारखं भरून यायचं. बहिणीचा एवढा अभिमान त्यांना उभ्या आयुष्यात वाटला नव्हता.

शेवटच्या दिवशी माशी शिंकली. शेवटचा शॉट झाला, काका ‘चूप’ म्हणाले, सगळे थांबले, ताई खिडकीपाशी मूठ आवळून उभी राहिली. आणि अर्ध्यातच रेकॉर्डरची बॅटरी संपली. काका स्वतःवरच चडफडत खाली गाडीत दुसरी बॅटरी आणायला धावले. ते वर येईपर्यंत पोरांना वाटलं संपलं, टाळ्या पडल्या, गळाभेटी सुरू झाल्या, सामान आवरायला लागलं. काकांनीही म्हटलं, जाऊ दे, नंतर येऊन भरून घेऊ. त्या गडबडीत ‘झालं’ म्हणायचं राहून गेलं.

त्या संध्याकाळी ताई कुणाशी एक शब्द बोलली नाही. हाताने खुणा करून सगळ्यांना बसवलं, मान हलवून निरोप दिला. शूटिंग संपल्यामुळे गहिवरलीये, असंच सगळ्यांना वाटलं. दारात तिने काकांकडे कितीतरी वेळ पाहिलं, काहीतरी विचारल्यासारखं. काका घाईत होते. आणि सकाळी ताई झोपेतून उठलीच नाही.

तर त्या फ्लॅटचं दार आता काकांनी उघडलं. बंद घराचा कोंदट वास आला, आणि त्यात ताईच्या साबणाचा. भाची ऑफिसातून परस्पर येणार होती, पण तिची वाट न बघता काकांनी माईक लावला. शेवटच्या सीनला शांतताच नव्हती आणि दुसऱ्या खोलीची त्यांना चालणार नव्हती. ताईच्या सिनेमात भेसळ? छे.

हेडफोन कानावर चढवला, बटण दाबलं. खालून रस्त्याची घरघर. कुठेतरी थेंब. आणि मग काकांच्या कपाळाला आठी पडली.

रिकाम्या खोलीची शांतता पोकळ लागते, भिंतींवर आपटून परत येते. खोलीत माणूस उभा असला की ती मऊ होते, कारण माणसाचं अंग थोडा आवाज पिऊन टाकतं. हे कुणालाही शिकवता येत नाही, वर्षानुवर्षं ऐकून कानाला कळायला लागतं. आणि आत्ताची शांतता मऊ होती.

भाची आली असेल म्हणून त्यांनी मागे पाहिलं. कुणी नव्हतं. हेडफोन काढला, तर खोली रिकामी. परत लावला, तर खोलीत कुणीतरी होतं. त्यांनी माईकची काठी हळूहळू फिरवली. कपाटाकडे पोकळ. पलंगाकडे पोकळ. खिडकीकडे वळवली... आणि तिथे शांतता दाट झाली. कुणीतरी श्वास रोखून उभं होतं. त्या श्वासाखाली अगदी बारीक, दुसऱ्या कुणाला ऐकूही न येणारा एक आवाज होता. मुठीत दाबलेल्या लोखंडाचा.

तेवढ्यात लिफ्टचं दार वाजलं, भाची आत आली. त्यांचा चेहरा बघून ती दारातच थबकली. काकांनी हेडफोन तिच्या कानावर ठेवला आणि काठी खिडकीकडे धरली. तिला काकांचा कान नव्हता. तिला कळायला वेळ लागला. मग तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं.

“मामा... आई आहे.”

“हो.”

“ती अशी उभी का आहे?”

“मी झालं म्हटलं नाही ना... म्हणून.”

खरं तर तो एक शब्द म्हणायचा आणि बहिणीला मोकळं करायचं, एवढंच होतं. काकांनी तोंड उघडलंही. पण भाचीने त्यांचा हात धरला. आज नको, म्हणाली. एकदा म्हटलंत की ती जाईल, आणि तिने सिनेमा कुठे पाहिलाय अजून? सगळ्यांना या म्हणून सांगणारी आईच नसली तर कसं? पोरीचं तोंड बघून काकांचा धीर झाला नाही. त्यांनी ती शांतता पुरती भरून घेतली आणि दार ओढून घेतलं. जिना उतरताना मात्र आपण ताईला तिथेच उभी ठेवून चाललो आहोत, हे त्यांना पायरीपायरीला टोचत राहिलं.

सिनेमा लागला एका रविवारी सकाळच्या खेळाला. हॉल भरला होता. बिल्डिंगमधले झाडून सगळे आले होते, आणि त्यांच्याहून जास्त होते ते अनोळखी लोक, एकेकटे येऊन बसलेले. काका आणि भाचीच्या मधली खुर्ची ताईसाठी रिकामी ठेवली होती. फोनच्या सीनला हॉलमध्ये हुंदके ऐकू आले आणि काकांची मान ताठ झाली. ही माझी ताई, हे शेजारच्याला सांगावंसं वाटत होतं. शेवटच्या शॉटला ताई खिडकीपाशी उभी राहिली, आणि तिच्यावर काकांनी आणलेली शांतता सुरू झाली. मग पडदा काळा झाला. दिवे लागले.

कुणी उठलं नाही.

आधी काकांना वाटलं, भारावलेत. अभिमानाने त्यांचा ऊर भरून आला. पण मग त्यांनी नीट पाहिलं. पुढच्या रांगेतल्या माणसाचा हात चष्म्याकडे जाता जाता हवेत थांबला होता. आईच्या मांडीवरचं पोर जांभई अर्धी टाकून तसंच होतं. दारापाशी टॉर्च घेऊन उभा असलेला माणूस पडदा बाजूला करता करता थिजला होता. कुणी खोकत नव्हतं. कुणाचा श्वाससुद्धा ऐकू येत नव्हता. अख्खा हॉल मऊ, दाट शांततेने भरून गेला होता, आणि ती आता स्पीकरमधून येत नव्हती. भाचीही पडद्याकडे डोळे लावून पुतळा झाली होती. काकांनी तिच्या खांद्याला हात लावला... खांदा गार होता.

आपल्या एका राहून गेलेल्या शब्दापायी एवढी माणसं अडकून पडली आहेत, हे काकांना तेव्हा उमगलं. ते उभे राहिले. भाची पुढे काय म्हणेल, ताई पुन्हा कधी ऐकू येईल की नाही, हे सगळं त्यांनी गिळलं आणि सेटवर म्हणायचे तसं, ठणठणीत आवाजात म्हटलं.

“झालं. फार छान केलंस, ताई.”

मधल्या रिकाम्या खुर्चीवर किल्ल्या खुळखुळल्या. मोकळेपणाने, मूठ उघडल्यासारख्या. सगळ्या हॉलने एकदम श्वास सोडला, पोराची जांभई पुरी झाली, आणि टाळ्यांचा असा कडकडाट झाला की भाची घाबरून काकांना बिलगली. मधे काय घडलं ते कुणालाच आठवत नव्हतं. काका रडत होते आणि हसत होते. ताई सुटली होती, आणि तिने आपला सिनेमा पाहिला होता.

पुढच्या महिन्यात सिनेमा दुसऱ्या शहरात गेला. काकांना ताप होता, त्यांना जाता आलं नाही. दुपारचा खेळ संपायची वेळ झाली तसे ते अंथरुणात उठून बसले. शांतता तर सिनेमात तीच होती. तिथे ‘झालं’ कोण म्हणणार? त्यांनी घाईघाईने हॉलच्या मॅनेजरला फोन लावला आणि लोक उठले का म्हणून विचारलं.

मॅनेजरला प्रश्न चमत्कारिक वाटला. “उठले की. का नाही उठणार? त्या बाईंनी झालं म्हटलं, उठले.”

“कुठल्या बाईंनी?”

“तुमच्या सिनेमाबरोबर आल्यात त्या. खेळभर पडद्याशेजारी उभ्या होत्या, किल्ल्यांचा जुडगा धरून. एवढा एक शब्द बोलल्या बघा. बाकी काही विचारलं तर नुसतं हसतात.”

काकांना वाटलं होतं, तो शब्द ऐकून ती जाईल. तिला तर काम मिळालं होतं. आणि नेमक्या वेळी म्हणाली होती, एक क्षण इकडे नाही की तिकडे नाही. ताप असतानाही त्यांची छाती फुगली.

“संध्याकाळच्या खेळाला थांबल्यात वाटतं,” मॅनेजर म्हणाला. “इथेच उभ्या आहेत माझ्यासमोर. अजिबात हलत नाहीत हो... देऊ का फोन?”

काका हो म्हणाले की नाही, ते त्यांनाच आठवत नाही. फोन हातातून हातात गेला. मग रिसीव्हरमध्ये ती मऊ शांतता आली, आणि तिच्या तळाशी, मुठीत दाबून धरलेल्या किल्ल्या.

चूपकाकांनी श्वास रोखला आणि तेही हलले नाहीत.